वाटाडे, मोजणीदार आणि यादी : कर्जत–खालापूरच्या डोंगरांची ओळख

रायगड जिल्ह्याचे नाव काढले की समुद्र आठवतो. पण कर्जत आणि खालापूर हे त्या जिल्ह्याचे डोंगरातले तालुके आहेत. पूर्वेला सह्याद्रीची मुख्य रांग भिंतीसारखी उभी आहे. उत्तरेकडून निघाले तर भीमाशंकरचा माथा, त्याच्या पुढ्यातला पदरगड, पेठचा कोथळीगड, मग ढाक, राजमाचीचे श्रीवर्धन आणि मनरंजन हे दोन बालेकिल्ले, आणि दक्षिणेला खोपोलीच्या डोक्यावर नागफणीचा कडा, अशी ही ओळ आहे. पश्चिमेला पेब, माथेरान, इर्शाळ आणि प्रबळगड यांची सुटी रांग आहे. या दोन रांगांच्या मधल्या खोलगट पट्ट्यातून उल्हास नदी उत्तरेला कल्याणकडे जाते. पाताळगंगा खोपोली–खालापूरहून पश्चिमेला धरमतरच्या खाडीकडे वळते. राजमाची, नागफणी किंवा प्रबळगड यांची नोंद आज शेजारच्या तालुक्यांत होत असली, तरी त्यांच्या वाटा, पाणी आणि दरडी यांचा संबंध या खोऱ्याशीच आहे.

या डोंगरांची माहिती कोणाला किती आहे, याची कसोटी गेल्या दोन हजार वर्षांत वारंवार लागली. कधी व्यापाऱ्यांचा तांडा, कधी सैन्य, कधी रस्ता आखणारा अभियंता, कधी शाळेतला मुलगा, तर कधी जिल्हा प्रशासन त्या कसोटीला सामोरे गेले. माहिती असणारा आणि माहिती लिहून ठेवणारा हे दोघे मात्र इथे क्वचितच एक होते.

डोंगरांची घडण समजली की वाटांचा इतिहास समजतो. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थर एकावर एक साचून हा काळा पाषाण तयार झाला. काही थर कठीण, काही ठिसूळ. ठिसूळ थर झिजतो आणि कठीण थर कड्याच्या रूपाने उभा राहतो. त्यामुळे घाटमाथा आणि तळकोकण यांच्या मध्ये बहुतेक ठिकाणी एक पायरी असते, तिला पदर म्हणतात. पदरावर माती साठते, दाट रान असते, अनेकदा वाडीही असते. त्याच्या वर पुन्हा कडा. वरचा कडा चढायचा तर पावसाच्या पाण्याने कोरलेली नाळ, एखादी सोंड किंवा दोन डोंगरांमधली खिंड शोधावी लागते. नकाशावर जिथे दोन गावे हाताच्या अंतरावर दिसतात, तिथे प्रत्यक्षात सबंध दिवस लागू शकतो. आणि जिथे रस्ताच नाही असे वाटते तिथून ठाकर बाई डोक्यावर भारा घेऊन तासाभरात उतरते.

या वाटांचे सर्वांत जुने साक्षीदार म्हणजे लेणी. राजमाचीच्या पोटात, कर्जतच्या बाजूने चढताना, कोंडाण्याची बौद्ध लेणी आहेत. इसवी सनापूर्वी पहिल्या शतकाच्या आसपास ती कोरली गेली. चैत्याच्या दर्शनी भागात एका मूर्तीजवळ ब्राह्मी लेख आहे; कान्ह याचा शिष्य बलक याने हे काम केल्याचे तो सांगतो. कोकणातली सोपारा आणि कल्याण ही बंदरे घाटावरच्या बाजारपेठांशी ज्या मार्गांनी जोडली होती, त्यांच्या कडेला कोंडाणे, कार्ले, भाजे, बेडसे ही लेणी आहेत. सामान घेऊन जाणाऱ्यांना निवारा आणि पाणी कुठे मिळेल हे ठाऊक असणे हीच त्या काळातली डोंगरविद्या होती. बलकाचे नाव दगडात राहिले. त्याच्या कारागिरांना वर नेणाऱ्या वाटाड्याचे राहिले नाही.

पुढच्या काळात घाटवाटांवर किल्ले बसले. खांडसहून भीमाशंकरला जाणाऱ्या शिडीघाट आणि गणेशघाट या दोन वाटा, भिवपुरीकडून आंदर मावळात चढणारा कुसूर घाट, राजमाचीचा कोकण दरवाजा, खोपोलीचा बोरघाट आणि त्याच्या दक्षिणेला लोणावळ्याजवळच्या कुरवंड्याहून चावणीकडे उतरणारी वाट, हे या भागातले मुख्य चढ. प्रत्येकाचा उपयोग वेगळा. लादलेला बैल कुठून जातो, घोडा कुठून जातो, आणि कुठून फक्त अनवाणी माणूस जातो, हे माहीत असणाऱ्यालाच जकात बसवता येई आणि पहाराही ठेवता येई. कोथळीगडाचा उपयोग यातूनच कळतो. पेठ गावाच्या वर उभा असलेला हा सुळका लहान आहे. त्याच्या पोटात कोरीव खांबांची गुहा आहे आणि माथ्यावर जाणारा जिना सुळक्याच्या आतूनच खोदून काढला आहे. मोठे सैन्य ठेवण्याची ही जागा नव्हे. पण वर बसलेल्या पहारेकऱ्याला कोकणातून येणारी प्रत्येक हालचाल दिसते. संभाजी महाराजांच्या काळात, १६८४ मध्ये, मोगलांनी हा किल्ला घेतला तेव्हा मराठ्यांनी तो परत मिळवण्यासाठी लगेच धडपड केली, ती याच कारणाने.

डोंगराच्या माहितीने लढाईचा निकाल ठरल्याचे सर्वांत स्पष्ट उदाहरण खालापूर तालुक्यातल्या उंबरखिंडीचे आहे. १६६१ च्या आरंभी शाहिस्तेखान पुण्यात होता. कोकण जिंकण्यासाठी त्याने कारतलबखानाला रवाना केले. बरोबर वऱ्हाडची सरदार रायबागन होती. खानाने रुळलेला बोरघाट टाळला आणि लोहगडाच्या बाजूने येऊन कुरवंड्याच्या वाटेने उतरायचे ठरवले. अनपेक्षित वाटेने अचानक कोकणात उतरावे, हा त्याचा हिशेब कागदावर चुकीचा नव्हता. पण त्या वाटेच्या तळाशी काय आहे, ते त्याला ठाऊक नव्हते. घाट उतरल्यावर चावणीच्या अलीकडे दोन्ही बाजूंनी दाट रानाचे उतार जवळ येतात, वाट अरुंद होते आणि जड सामान घेऊन वळायला जागा राहत नाही. शिवाजी महाराजांनी सैन्य या खिंडीच्या दोन्ही अंगांना दडवून ठेवले आणि खानाला पूर्ण आत येऊ दिले. २ फेब्रुवारी १६६१ रोजी पुढची आणि मागची अशी दोन्ही तोंडे बंद झाली. पुढे जाता येईना, परत घाट चढता येईना, पाण्यासाठी सैन्य कासावीस झाले. रायबागनच्या सल्ल्याने खानाने शरणागती पत्करली आणि सामान, खजिना, घोडे टाकून त्याला वाट मिळाली. कवींद्र परमानंदाच्या ‘शिवभारत’ या संस्कृत काव्यात या प्रसंगाचे विस्ताराने वर्णन आहे. ज्यांच्या माहितीवर ही सापळ्याची जागा निवडली गेली असेल, ते स्थानिक लोक त्या वर्णनात नावानिशी येत नाहीत.

सव्वाशे वर्षांच्या आत हाच धडा इंग्रजांना दोनदा मिळाला. १७७८ च्या अखेरीस मुंबईकरांचे सैन्य पनवेलहून निघाले आणि बोरघाट चढून खंडाळ्याला पोहोचले. घाट चढायला फारसा विरोध झाला नाही. खरी अडचण माथ्यावर गेल्यावर सुरू झाली. रसद खालून येणार, आणि खालची वाट मराठ्यांच्या तुकड्या तोडणार. कार्ल्याजवळ कॅप्टन स्ट्युअर्ट मारला गेला. मराठ्यांनी त्याच्या शौर्याची कदर करून त्याला ‘इष्टुर फाकडा’ म्हटले. सैन्य तळेगावपर्यंत जाऊन मागे फिरले आणि जानेवारी १७७९ मध्ये वडगावला मानहानीचा तह करावा लागला. दोन वर्षांनी जनरल गॉडर्डने पुन्हा तोच घाट निवडला. फेब्रुवारी १७८१ मध्ये त्याने बोरघाट जिंकला, माथ्यावर सैन्याचा एक भाग ठेवला आणि स्वतः पायथ्याला खोपोलीत तळ दिला. त्याच्या हातात घाट होता, पण घाटाच्या आजूबाजूच्या वाटा नव्हत्या. मराठ्यांच्या तुकड्या शेजारच्या वाटांनी कोकणात उतरून पनवेलकडून येणारे धान्य अडवू लागल्या. एप्रिलमध्ये गॉडर्डला माघार घ्यावी लागली. खोपोलीहून चौकमार्गे पनवेलला जाताना त्याच्या सैन्यावर सतत हल्ले झाले, माणसे आणि सामान यांचे मोठे नुकसान झाले. मुख्य रस्ता ठाऊक असणे म्हणजे डोंगर ठाऊक असणे नव्हे, हे या मोहिमेने दाखवले.

याच खोपोलीत नाना फडणविसांनी बांधलेला मोठा तलाव आणि महादेवाचे देऊळ आहे. घाट चढण्याआधी आणि उतरल्यावर माणसे आणि जनावरे जिथे थांबतात, तिथे पाण्याची सोय केली पाहिजे, हे ओळखून केलेले ते बांधकाम आहे.

इंग्रजांनी पराभवातून शिकून घाट आधी मोजला, मग फोडला. १८०४ मध्ये जनरल वेलस्लीने तोफा नेण्यासाठी बोरघाटाची वाट सुधारली. पेशवाई संपल्यावर गव्हर्नर सर जॉन माल्कमच्या काळात चाकाच्या गाड्यांसाठी पक्का रस्ता तयार झाला आणि १० नोव्हेंबर १८३० रोजी तो खुला झाला. त्या रस्त्याच्या काळातला दगडी पूल पुढे अमृतांजन पूल म्हणून ओळखला गेला. द्रुतगती मार्गावरच्या वाहतुकीला अडथळा ठरत असल्याने तो ५ एप्रिल २०२० रोजी पाडण्यात आला.

मोजणीचे काम रस्त्यापुरते नव्हते. १८०२ मध्ये विल्यम लॅम्टनने मद्रासजवळून त्रिकोणमितीय सर्वेक्षणाला सुरुवात केली होती. कोकणात थॉमस बेस्ट जर्व्हिस या लष्करी अभियंत्याने १८१९ नंतर दक्षिण भागाचे सर्वेक्षण केले. या पद्धतीत उंच, दुरून दिसणारी शिखरे निवडून त्यांवर खुणा उभारतात, थिओडोलाइटने कोन मोजतात आणि एका ज्ञात अंतरावरून बाकीची सर्व अंतरे व उंची काढतात. त्यामुळे डोंगराकडे पाहण्याची दृष्टीच बदलली. वाटाड्याच्या लेखी डोंगर म्हणजे पाणी, सावली, चढ, श्वापद आणि देव. मोजणीदाराच्या लेखी तो एक बिंदू आणि एक आकडा. दोन्ही ज्ञाने खरी आहेत. पण सरकारी दफ्तरात एकालाच जागा मिळाली. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या जुन्या क्रमांकपद्धतीत कर्जत, खोपोली आणि माथेरान ४७ एफ/५ या एकाच नकाशावर येतात. इर्शाळगड त्याच्या पश्चिमेच्या, ४७ एफ/१ या नकाशावर. या नकाशांवर समोच्च रेषा अचूक आहेत. वाड्यांची नावे मात्र कित्येकदा अपुरी, आणि पावसाळ्यात कोणता ओढा कुठे फुटतो हे दाखवण्याची सोय त्यांत नाही.

युरोपात याच सुमारास काय चालले होते ते पाहिले तर फरक कळतो. आल्प्समधील मों ब्लाँ हे शिखर १७८६ मध्ये प्रथम चढले गेले. चढणाऱ्या दोघांपैकी मिशेल पाकार हा डॉक्टर, तर झाक बाल्मा हा शामोनीच्या खोऱ्यातला स्फटिक शोधून विकणारा डोंगरी माणूस. बाल्माचे नाव इतिहासात राहिले, त्याला बक्षीस मिळाले, शामोनीत त्याचा पुतळा आहे. १८२१ मध्ये तिथल्या वाटाड्यांनी आपली संघटना स्थापन केली. ती आजही आहे. शेजारच्या स्वित्झर्लंडमध्ये गियोम-आँरी द्यूफूर यांच्या देखरेखीखाली सबंध देशाचा नकाशा १८४५ ते १८६४ या काळात प्रसिद्ध झाला आणि १८६३ मध्ये देशातल्या ४,६३४ मीटर उंचीच्या सर्वोच्च शिखराला त्यांचे नाव देण्यात आले. स्विस शाळेतल्या मुलाला शिखरे, खिंडी आणि खोरी विचारली जातात, तेव्हा त्या प्रश्नांमागे मोजणीदार आणि वाटाड्या या दोघांचीही परंपरा उभी असते. कर्जतच्या खोऱ्यात १८६३ हे वर्ष वेगळ्या कारणाने महत्त्वाचे आहे. त्या वर्षी बोरघाटातून आगगाडी गेली.

ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा मुख्य अभियंता जेम्स बर्कली याच्यापुढे पळसदरीपासून लोणावळ्यापर्यंत, सुमारे पावणेसोळा मैलांत, १,८३१ फूट चढण्याचा प्रश्न होता. त्याआधी १८५६ मध्ये पळसदरीहून खोपोलीपर्यंत फाटा सुरू झाला होता आणि प्रवासी तिथून घाट रस्त्याने चढत. रेल्वेमार्गाच्या आखणीसाठी अनेक वर्षे पाहणी झाली. काही कड्यांवर माणसांना दोर बांधून खाली सोडून खुणा कराव्या लागल्या. शेवटी २५ बोगदे, अनेक दगडी पूल आणि एके ठिकाणी गाडी उलट दिशेने नेण्याचे स्थानक अशी योजना ठरली. सर्वांत तीव्र चढ ३७ फुटांना एक फूट. पहिला कंत्राटदार विल्यम फेव्हिएल याच्या काळात मजुरीच्या थकबाकीवरून १८५९ मध्ये मजुरांचा उद्रेक झाला आणि त्याने काम सोडले. त्याच्या जागी आलेला सॉलोमन ट्रेडवेल काही आठवड्यांतच आजाराने मेला. त्याची पत्नी ॲलिस हिने कंत्राट पुढे चालवले आणि काम पूर्ण झाले. ऐन भरात ४० हजारांहून अधिक माणसे या घाटात राबत होती. पटकी आणि तापाने त्यांतले असंख्य मेले. बर्कली स्वतः १८६२ मध्ये इंग्लंडमध्ये वारला. १८६३ च्या एप्रिलमध्ये गव्हर्नर सर बार्टल फ्रियर यांच्या हस्ते मार्गाचे उद्‌घाटन झाले तेव्हा तो नव्हता. डोंगराने आपली परीक्षा नंतरही चालू ठेवली. १८६७ च्या पावसाळ्यात घाटातला एक मोठा दगडी पूल कोसळला आणि तो नव्याने बांधावा लागला.

या सगळ्या हकिकतीत अभियंते, गव्हर्नर, कंत्राटदार यांची नावे आहेत. लोकांच्या आठवणीत मात्र आणखी एक नाव आहे: शिंगरोबा. जुन्या मुंबई–पुणे रस्त्यावर, खोपोलीहून घाट चढताना, शिंगरोबाचे देऊळ लागते. परंपरा सांगते, की साहेबांना घाटात वाट सापडत नव्हती, तेव्हा शिंगरोबा नावाच्या धनगराने आपली गुरे ज्या मार्गाने चढतात तो त्यांना दाखवला. बक्षीस काय हवे असे विचारल्यावर त्याने देशाचे स्वातंत्र्य मागितले आणि साहेबाने त्याला गोळी घातली. या कथेला कागदाचा पुरावा नाही, आणि तिच्यातला शेवटचा भाग नंतरच्या काळातल्या भावनेचा असावा. पण तिचा गाभा सहज टाकून देण्यासारखा नाही. गुरे सर्वांत कमी चढाची वाट धरतात, आणि पिढ्यान्‌पिढ्या ती वाट चालणाऱ्या धनगराइतकी घाटाची माहिती कोणत्याही पाहणी पथकाला पहिल्या वर्षी असणे शक्य नव्हते. आजही घाट चढणारे वाहनचालक तिथे गाडी हळू करून नाणे टाकतात. बर्कलीचे नाव अभियांत्रिकीच्या इतिहासात आहे. घाटातली पूजा शिंगरोबाची आहे. वाटाड्याला मिळालेले हे या भागातले एकमेव स्मारक म्हणावे लागेल.

माथेरानच्या बाबतीत माहिती असण्याचा आणि शोध लावण्याचा फरक आणखी ठळक होतो. मे १८५० मध्ये ठाण्याचा कलेक्टर ह्यू मॅलेट चौकला मुक्कामाला होता. तो हल्लीच्या वन ट्री हिल पॉइंटच्या बाजूने वर चढला आणि रामबागेच्या बाजूने उतरला. वर दाट सावली, पाणी आणि गार हवा आहे, असे त्याने कळवले. १८५५ मध्ये गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन तिथे आला आणि गिरिस्थानाची उभारणी सुरू झाली. मॅलेटने माथेरान ‘शोधले’ असे पुस्तके सांगतात. पण धनगर, ठाकर आणि कातकरी त्याआधीपासून त्या डोंगरावर आणि त्याच्या उतारांवर राहत, गुरे चारत, मध काढत होते. सुमारे ८०० मीटर उंचीच्या त्या पठारावर लुईझा, अलेक्झांडर, गार्बट, पॅनोरामा अशी नावे बसली. त्याच काळात नागफणीला ड्यूक ऑफ वेलिंग्टनच्या, म्हणजे वर आलेल्या वेलस्लीच्या, नाकावरून ड्यूक्स नोज म्हणू लागले. १९०७ मध्ये आदमजी पीरभॉय कुटुंबाने बांधलेली नेरळ–माथेरान छोटी रेल्वे सुरू झाली आणि मुंबईच्या माणसासाठी हा डोंगर शनिवार–रविवारचा झाला. ४ फेब्रुवारी २००३ रोजी केंद्र सरकारने माथेरान आणि भोवतालचा सुमारे २१५ चौरस किलोमीटर प्रदेश पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून जाहीर केला. त्यात कर्जत आणि खालापूरची बरीच गावे येतात.

लेखी माहितीचा सर्वांत मोठा साठा १८८२ च्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटियरमध्ये आहे. कर्जत तेव्हा ठाणे जिल्ह्यात होते. जेम्स कॅम्पबेलच्या संपादनाखालच्या या ग्रंथात घाटवाटांची जंत्री आहे, आणि कोणती वाट लादलेल्या बैलाला चालते, कोणती फक्त पायी माणसाला, अशा नोंदी आहेत. किल्ले, लेणी, आदिवासी जमाती यांवर स्वतंत्र मजकूर आहे. आजही या भागावर लिहिणारा प्रत्येक जण त्याच्याकडे वळतो. ही माहिती जागच्या लोकांना विचारूनच जमली होती. पुस्तक मात्र इंग्रजीत होते आणि ते त्या लोकांपर्यंत कधी पोहोचलेच नाही.

त्यांच्या मुलांपर्यंत भूगोल पोहोचला तो शाळेतून. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात बाळशास्त्री जांभेकर यांच्यासारख्यांनी मराठीत भूगोलाची पुस्तके लिहिली. पुढे मराठी शाळांत गाव, जिल्हा, इलाखा, हिंदुस्थान असा क्रम रूढ झाला, आणि इंग्रजी शाळांत युरोपातले पर्वत, नद्या, राजधान्या यांची घोकंपट्टी आली. डोंगराची परीक्षा आता कागदावर होऊ लागली. स्वातंत्र्यानंतर नकाशा भरणे हा भूगोलाच्या उत्तरपत्रिकेचा ठरलेला भाग झाला. बालभारतीने अनेक वर्षे तिसरीच्या मुलांसाठी जिल्हानिहाय परिसर अभ्यासाची पुस्तके दिली, आणि रायगडच्या मुलाला आपल्या जिल्ह्याचे डोंगर, घाट, नद्या तिथे भेटत. हा फार चांगला उपक्रम होता. आपल्या घरामागच्या डोंगराचे नाव छापील पाहण्याचा आनंद त्या वयात मोठा असतो. पण वरच्या वर्गांत हा धागा तुटतो. स्पर्धा परीक्षांच्या पुस्तकांत कळसूबाई १,६४६ मीटर, साल्हेर १,५६७, महाबळेश्वर १,४३८, हरिश्चंद्रगड १,४२४ अशी उतरंड पाठ करवली जाते. उंचीच्या यादीत कर्जत–खालापूरचे एकही शिखर येत नाही, त्यामुळे परीक्षेच्या दृष्टीने ते डोंगर नसल्यासारखेच. २०१८ पासून दहावीच्या भूगोलात भारत आणि ब्राझील यांची तुलना आहे. कर्जतचा विद्यार्थी ब्राझीलच्या उच्चभूमीचा नकाशा रंगवतो. जगाचा भूगोल शिकायलाच हवा. त्याबरोबर ढाकचा पदर आणि इर्शाळचा उतार कोणी शिकवत नाही, ही उणीव आहे.

शाळेबाहेरची शिकवण १९४२ मध्ये कामी आली. माथेरानमध्ये १ डिसेंबर १९१२ रोजी जन्मलेले विठ्ठल लक्ष्मण तथा भाई कोतवाल वकील झाले, माथेरान नगरपालिकेचे उपाध्यक्ष झाले, कर्जत तालुक्यातल्या शेतकऱ्यांसाठी त्यांनी धान्यकोठ्या आणि शाळा सुरू केल्या. चले जाव चळवळीत त्यांनी आझाद दस्ता उभारला. खोपोलीचे वीजगृह १९१५ मध्ये आणि भिवपुरीचे १९२२ मध्ये सुरू झाले होते. घाटमाथ्यावरचे पाणी नळांतून खाली सोडून तयार होणारी ती वीज मुंबईच्या गिरण्यांना आणि कारखान्यांना जात असे. दस्त्याने या विजेचे मनोरे पाडायला सुरुवात केली. मनोरे डोंगर–जंगलातून गेलेले, आणि तिथल्या वाटा दस्त्यातल्या माणसांच्या पायाखालच्या. म्हणून पोलिसांना कित्येक आठवडे त्यांचा माग लागला नाही. तो लागला फितुरीने. २ जानेवारी १९४३ च्या पहाटे मुरबाड तालुक्यातल्या सिद्धगडाच्या रानात भाई कोतवाल आणि हिराजी पाटील पोलिसांच्या गोळीबारात हुतात्मा झाले.

स्वातंत्र्यानंतर डोंगर चालण्याची हौस वाढली. मुंबईत १९५४ मध्ये गिरिविहार ही संस्था निघाली. कर्जत आणि खोपोली ही लोकलची स्थानके असल्याने शहरातल्या तरुणांनी चढाईचे पहिले धडे बहुधा याच कड्यांवर गिरवले. ढाकच्या बहिरीला जाणारी दोर आणि झाडाच्या बुंध्याची वाट, शेजारचा कळकराय सुळका, नागफणीचा कडा, इर्शाळचे नेढे, म्हणजे कातळातले आरपार छिद्र, ही त्यांची परीक्षास्थाने. सागरी पट्ट्याचे मोठ्या प्रमाणातले सरकारी नकाशे सामान्य माणसाला बराच काळ सहज मिळत नसत. त्यामुळे गिर्यारोहकांनी हाताने काढलेले नकाशे एकमेकांना दिले, वाडीतल्या माणसाला वाटाड्या म्हणून घेतले आणि आपल्या नोंदी छापल्या. हरीश कापडिया यांचे इंग्रजी मार्गदर्शक पुस्तक आणि आनंद पाळंदे यांचे ‘डोंगरयात्रा’ यांतून ही माहिती प्रथमच हजारो वाचकांपर्यंत गेली. खोपोलीचे यशवंती हायकर्स, लोणावळ्याचे शिवदुर्ग मित्र अशा स्थानिक संस्था उभ्या राहिल्या आणि कड्यात अडकलेल्यांना सोडवण्याचे कामही त्यांच्याकडेच आले. या मंडळींनी केलेली सेवा फार मोठी आहे.

आणि तरीही सर्वांत कठीण परीक्षेत सगळी व्यवस्था नापास झाली. इर्शाळगडाच्या कुशीत, चौकच्या वर, ठाकर समाजाची इर्शाळवाडी होती. गाडीरस्ता नव्हता, पायवाटेने चढून जावे लागे. १९ जुलै २०२३ च्या रात्री, मुसळधार पावसात, वरचा उतार सुटला आणि वाडीचा मोठा भाग गाडला गेला. बचावपथके अंधारात, चिखलातून चालत वर पोहोचली. यंत्रे वर नेता आली नाहीत, खराब हवेमुळे हेलिकॉप्टर उतरू शकले नाही, फावड्या–कुदळींनी माती उपसावी लागली. मदतीला निघालेल्या अग्निशमन दलाच्या एका अधिकाऱ्याचा चढणीवरच मृत्यू झाला. २३ जुलैला शोध थांबला तेव्हा २७ मृतदेह सापडले होते आणि ५७ जण बेपत्ता होते. दरडींचा धोका असलेल्या गावांच्या सरकारी यादीत इर्शाळवाडी नव्हती.

दोनशे वर्षांच्या मोजणीनंतर हे घडले. शिखराची उंची, गडाची वाट, नेढ्याचे छायाचित्र हे सारे नोंदलेले होते. वाडीच्या वर माती किती जाड आहे, कोणत्या पावसात कोणत्या ओढ्याचे पाणी गढूळ होते, भेगा कुठे पडतात, हे नोंदलेले नव्हते. कारण ते विचारण्याची रीतच या डोंगरांच्या इतिहासात कधी पडली नाही. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने २०१४ पासून देशभरातल्या दरडप्रवण भागांचे नकाशे १:५०,००० प्रमाणात तयार केले. त्या प्रमाणावर एक किलोमीटर म्हणजे कागदावर दोन सेंटिमीटर. एक वाडी त्यात टिंबाएवढी उरते. त्या टिंबाची खरी माहिती तिथे राहणाऱ्यांकडेच असते.

कर्जत आणि खालापूरमध्ये डोंगराच्या उतारावर आणि पदरावर ठाकर, कातकरी, महादेव कोळी आणि धनगर यांच्या अनेक वाड्या आजही आहेत. प्रत्येक वाडीतल्या जाणत्या माणसांना बरोबर घेऊन ओढे, भेगा, सुटे धोंडे आणि जुन्या दरडी यांची नोंद दर पावसाळ्याआधी ग्रामपंचायतीत व्हावी, आणि तिची प्रत तहसील कचेरीत व गावच्या शाळेत राहावी. याला मोठा खर्च लागत नाही. इर्शाळवाडीतल्या वाचलेल्या कुटुंबांना चौकजवळ नव्या वसाहतीत पक्की घरे देण्यात आली आहेत. बाकीच्या वाड्यांची नोंद करण्याचे काम शिल्लक आहे.